कोठीतला खेळ

दैवशालाला एखादी गोष्ट पटली की ती घरातल्या सगळ्यांना पटलीच पाहिजे, असा त्या घरचा कायदा होता. कायदा तिचाच, अंमलबजावणीही तिचीच. नवरा राधेश्याम मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, एका आडत दुकानावर मुनीम होता आणि बाहेर चार माणसांत बऱ्यापैकी आवाज चढवायचा, पण घरी आला की त्याचा आवाज आपोआप बसायचा. दैवशाला जुन्या जालन्यातल्या एका मोठ्या कापड दुकानात साड्यांच्या काउंटरला उभी असे. मनात नसलेली साडी गिऱ्हाइकाच्या हातात देऊन वर तिलाच खूश करून पाठवायची, हे तिचं दिवसभराचं काम. अशी बाई घरी आल्यावर एकदम मवाळ कशी होणार?

त्या वर्षी उन्हाळ्याच्या सुट्टीत तिची मुलगी मोनाली मोबाईलच्या पार आहारी गेली. मोनाली सहावीत जाणार होती. आईबापाचे मोबाईल दिवसा त्यांच्याबरोबर कामावर जायचे, पण घरात तिसरा एक होता, आजीचा. झुंबरबाई, म्हणजे राधेश्यामची आई, त्यावर दुपारी कीर्तनं बघायची. आजीला डुलकी लागली की मोबाईल नातीच्या हातात जायचा आणि संध्याकाळपर्यंत सुटायचा नाही. डोळे लाल, जेवणाकडे लक्ष नाही, हाक मारली की अंगावर येणं. शाळा उघडली त्याच दिवशी दैवशालानं आजीचा मोबाईल उचलला आणि स्वतःच्या पर्समध्ये टाकला. घरात मोबाईल नको, विषय संपला.

झुंबरबाई "बरं" म्हणाली. वडीगोद्रीजवळच्या गावात आयुष्य काढलेली ही बाई; नवरा गेल्यावर लेकाकडे आली होती. तिचं "बरं" सगळ्यांच्या इतकं सवयीचं झालं होतं की त्यामागं काही असेल असं कुणाच्या मनातही यायचं नाही. दुपारी ती त्या घरात एकटीच असायची. आता कीर्तनही नव्हतं आणि टीव्ही तर मोबाईलच्याही आधी बंद झालेला होता. दिवसभर ती काय करते, हा प्रश्न घरात कुणी कुणाला विचारला नाही, आणि मला त्या घरावर राग आहे तो पहिल्यांदा इथं.

मोनालीनं मात्र घर डोक्यावर घेतलं. दोन दिवस नीट जेवली नाही. तेव्हा राधेश्यामनं पत्र्याच्या पेटीतून आपला जुना म्युझिक प्लेअर काढला. कॉलेजात असताना त्यानं तो मित्राकडून घेतला होता; पाठ स्टीलची, समोर छोटा पडदा आणि त्याखाली अंगठ्यानं फिरवायचं गोल चाक. गाणी अजून आत होती. इंटरनेट नाही, फोन नाही, व्हिडिओ नाही. दैवशालानं तो उलटासुलटा करून पाहिला. यात दोन-चार साधे गेम टाकून मिळाले तर पोरगीही गप्प आणि मोबाईलही नको, असं तिच्या मनात आलं. मनात आलं म्हणजे ठरलंच.

धम्मपालचं दुकान कापड दुकानापासून जवळच, मोंढ्याकडे जाणाऱ्या गल्लीत होतं. मिक्सर, रेडिओ, आडत दुकानांचे वजनकाटे, जे येईल ते तो दुरुस्त करायचा, पण हा प्लेअर बघून त्याचा चेहरा खुलला. असली जुनी यंत्रं कुणी आणली की तो बाकीची कामं बाजूला सारायचा आणि मग मिक्सरवाल्या बायका त्याला बोलायच्या. त्यानं सांगितलं की कंपनीनं यात दिलेलं सॉफ्टवेअर बाजूला ठेवून दुसरं टाकता येतं. हौशी लोकांनी ते फुकट बनवून ठेवलंय आणि त्यात गेम येतात. गाणी कुठं जाणार नाहीत. बॅटरी तेवढी बदलावी लागेल.

दोन दिवसांनी प्लेअर तयार झाला. त्यात साप होता, रंगीत खडे जुळवायचे होते, सुडोकू होतं आणि सगळ्यात भारी म्हणजे विटा फोडायचा खेळ होता. चाक फिरवलं की खालची फळी डावीउजवीकडे सरकायची, चेंडू फळीवर आपटून वर जायचा आणि विटा फुटायच्या. सगळ्यात जास्त झालेले गुण प्लेअर यादी करून जपून ठेवायचा. ओल लागू देऊ नका, एवढंच धम्मपालनं बजावलं.

पहिल्या संध्याकाळी घरात जत्रा भरली. राधेश्याम खेळला, मोनाली खेळली, दैवशालाही हो-नाही करत खेळली आणि पहिल्या विटेलाच हरली. शेवटी मोनालीनं तो आजीच्या हातात दिला. झुंबरबाईनं आयुष्यभर देवाच्या वाती वळलेल्या; तिचा अंगठा त्या चाकावर असा काही फिरला की चेंडू खाली पडायलाच तयार होईना. सगळे हसले. म्हातारी लाजली आणि "घ्या बाई तुमचं खेळनं" म्हणून तिनं तो लगेच परत केला. त्यानंतर तिला कुणी तो दिला नाही, तिनं मागितलाही नाही.

नियम असा ठरला की अभ्यास झाल्यावर थोडा वेळ मोनालीनं खेळायचं, मग प्लेअर आईकडे. आता तो ठेवायचा कुठं? कपाट, देवघरामागची फळी, पिठाचा डबा या सगळ्या जागा मोनालीला पाठ होत्या. तेव्हा दैवशालाला आपली आई आठवली. मंठ्याला माहेरी तिची आई सोन्याची पोत ज्वारीच्या कणगीत खुपसून ठेवायची. तिथल्या सगळ्या बायका तसंच करायच्या. धान्यात हात घालून तळ ढवळायला चोराला वेळ नसतो. आणि दैवशालाच्या घरात तर यंदा अशी एक कोठी होती की जिला हात लावायचीच सगळ्यांना बंदी होती.

ती बंदी राधेश्यामनं घातली होती. वर्षाचा गहू उन्हाळ्यात भरून झाला होता. पत्र्याची उंच कोठी आतल्या खोलीत, झुंबरबाई आणि मोनाली झोपायच्या त्या खोलीत, भिंतीला लावून उभी होती. हवेत ओल आली तसं राधेश्यामला गव्हाला सोंडे किडे लागतील म्हणून धास्ती वाटायला लागली आणि त्यानं मोंढ्यातून गोळ्या आणल्या. गोडाऊनमध्ये पोत्यांच्या थप्पीला मारतात त्याच. तिथं त्या टाकल्या की वरून ताडपत्री पांघरतात, कडेनं वाळूच्या पिशव्या लावतात आणि माणसं बाहेर निघून दाराला कुलूप घालतात. हे राधेश्याम वर्षानुवर्षं बघत आला होता. पण रोज बघितलेल्या गोष्टीची भीती मरते. त्यानं गोळ्या फडक्यात बांधल्या, गव्हात खोल दाबल्या, झाकण लावलं आणि वरून जुनी गोधडी टाकली.

झुंबरबाई दारातून बघत होती. "आमच्या टायमाला कडुनिंबाचा पाला टाकायचो न् राख," ती म्हणाली. "ह्या कशाला आनून राह्यला तू?"

राधेश्याम म्हणाला, सगळा मोंढा ह्याच नेतो घरी. आतली हवा बाहेर जाऊ द्यायची नाही, नाहीतर गोळीचा गुण जातो. तेव्हा महिनाभर झाकण उघडू नका. एवढंच बोलला. गुण जातो म्हणाला, जीव जातो असं काही म्हणाला नाही. किडे मरतात ते कशानं, हे त्यानं घरात कुणाला सांगितलं नाही, कारण त्यानं स्वतःलाही कधी नीट विचारलं नव्हतं.

दैवशालानं हिशोब केला तो असा: ज्या कोठीचं झाकण महिनाभर कुणी उघडणार नाही, तिच्याइतकी पक्की जागा जगात दुसरी कुठली? जाताजाता उघडझाप केल्यानं असा किती गुण जाणार? त्या संध्याकाळी मोनाली पुढच्या खोलीत जेवत असताना तिनं प्लेअर प्लॅस्टिकच्या पिशवीत घातला, कोठीचं झाकण अर्धवट उचललं आणि हात मनगटापर्यंत गव्हात खुपसला. आतून लसणासारखा वास आला. स्वयंपाकघरात ठेचा वाटलेला होता, त्याचाच असेल असं तिला वाटलं.

मोनालीला मग प्लेअर कधी सापडला नाही. कपाट उपसलं, पिठाचा डबा पालथा घातला. दैवशाला गालातल्या गालात हसत होती.

काही दिवसांनी मोनाली सकाळी उठल्या-उठल्या डोकं दुखतंय म्हणायला लागली. दैवशालाला शाळेचे बहाणे माहीत होते. तिनं कपाळाला बाम चोळला आणि दप्तर पाठीवर दिलं. दुपारपर्यंत पोरगी शाळेत ठणठणीत व्हायची, म्हणजे बहाणाच. झुंबरबाईलाही मळमळायचं. अन्नावरची वासना गेली, एकदा तर तिला ओट्यावर भडभडून ओकारी झाली. गल्लीतल्या डॉक्टरनं पित्ताच्या गोळ्या दिल्या आणि तिखट कमी करा म्हणून सांगितलं. दैवशालाचंही डोकं अधूनमधून जड व्हायचं. दुकानातल्या एसीनं होतं, ती म्हणायची.

एका रविवारी झाडताना तिला कोठीमागं पाल मरून पडलेली दिसली. मग उंदराचं एक पिल्लू. त्या खोलीत पावसाळ्यात भिंतीवरून मुंग्यांची रांग असायची, ती यंदा नव्हती. तिनं राधेश्यामला बोलावून दाखवलं. तो खूश झाला. म्हणाला, बघ, गोळ्यांचा गुण. केरसुणीनं तिनं सगळं गोळा करून बाहेर टाकलं आणि झाडलोट पुढं चालू ठेवली.

त्याच रात्रीच्या जेवणाआधी ते गुणांचं प्रकरण झालं. मोनालीनं खेळायला घेतलं आणि विटांच्या खेळाची यादी उघडून ती ओरडली, "मम्मी, हे कुणी केले?" यादीच्या वरच्या सगळ्या ओळी बदललेल्या होत्या. मोनालीचे गुण पार खाली ढकलले गेले होते. वरचे आकडे इतके मोठे होते की एवढं खेळायला कुणालातरी तासन् तास बसावं लागलं असेल. दैवशालानं राधेश्यामकडे पाहिलं. त्यानं कानाला हात लावले. तो दिवसभर मोंढ्यात. ती स्वतः दुकानात. आत्याबाई, म्हणजे सासू, तर दुपारी झोपून राहतात आणि त्यांना प्लेअर चालू-बंद करता येत नाही. उरलं कोण?

मोनाली रडली, आईशप्पत घेतली, देवाची घेतली, म्याडमची घेतली. मग एकदा तिनं आजीकडे पाहिलं आणि एकदम गप्प झाली. ते गप्प होणं दैवशालाला कबुलीसारखं वाटलं. तिनं पोरीच्या थोबाडीत दिली. खोटं बोलल्याबद्दल दिली, खेळल्याबद्दल नाही, असं वर सांगितलंही. झुंबरबाई भिंतीला टेकून बसली होती. तिनं पदराचं टोक तोंडाला लावलं आणि उठून आत गेली.

आता दैवशालाला ईर्षा चढली. दुकानात ती चोरटं गिऱ्हाईक नजरेनं धरायची. घरचा चोर तिच्या हातून सुटणार होता का? प्लेअर तिनं परत गव्हात घातला, या वेळी कोपरापर्यंत हात घालून, आणि वरचा गहू तळहातानं सपाट करून त्यावर बोटानं एक कमळ काढलं. दुसऱ्या संध्याकाळी झाकण उचललं तर कमळ मोडलेलं. गहू पुन्हा सपाट केलेला होता, अगदी निगुतीनं, पण कमळ नव्हतं.

तिनं मोनालीला काही विचारलं नाही. पोरीचा चेहरा ओढलेला होता आणि ती रात्री आईकडे पाठ करून जेवली. पण माघार घेतली तर ती दैवशाला कसली. तिनं प्लेअर आणखी खाली घातला, खांदा कोठीच्या काठाला लागेपर्यंत. एवढ्याशा पोरीचा हात तिथवर पोचणारच नाही. पोचायचं म्हटलं तर स्टुलावर चढून डोकं आत घालावं लागेल, असा विचार तिनं केला आणि त्या विचारानं तिला समाधान वाटलं. वास पुन्हा आला. या वेळी घरात लसूण सोललेलासुद्धा नव्हता, पण तिचं लक्ष कमळ काढण्यात होतं.

दोन दिवस कमळ मोडत राहिलं. मधेच राधेश्यामला झाकणाजवळ एक जिवंत सोंडा दिसला. बंद कोठीतून सोंडा वर कसा आला, हे त्याला समजेना. त्यानं आणखी गोळ्या आणल्या, पहिल्यापेक्षा जास्त. टाकायच्याच तर कंजुषी कशाला, असं म्हणून त्यानं त्या सकाळीच, मोंढ्यात जाण्याआधी, गव्हात दाबल्या आणि गोधडी नीट दाबून बसवली.

त्याच सकाळी, तो गेल्यावर, दैवशालानं यादीतले गुण बघायला प्लेअर बाहेर काढला. बटण दाबलं. पडदा काळाच. चार्जरला लावला, चाक फिरवलं, तळहातावर आपटला, काही नाही. मोनाली शाळेत गेली होती. झुंबरबाई मोरीत तोंड धूत होती. दैवशालानं प्लेअर पर्समध्ये टाकला, गहू सपाट केला, सवयीनं कमळ काढलं आणि कुणाला काही न बोलता दुकानाला निघाली. जेवणाच्या सुट्टीत धम्मपालकडे टाकू, असं तिनं ठरवलं.

धम्मपालनं पाठीचं झाकण काढलं. मग त्यानं दिवा जवळ ओढला. आतल्या सर्किटच्या पाटीवर जिथं-जिथं तांबं होतं तिथं काजळी धरल्यासारखं झालं होतं.

"ताई, हे कुठं ठेवत होता तुम्ही?"

तिला हसू आलं. तिनं आपली युक्ती सगळी सांगितली, आईची पोत, कोठी, कमळ. गव्हाला ओल असेल, म्हणून खराब झाला असेल, असंही तीच म्हणाली.

"पानी लागलं की तांबं हिरवं पडतं," धम्मपाल म्हणाला. "हे काळं हाय." तो उठला आणि मागच्या फळीवरून एका इलेक्ट्रॉनिक वजनकाट्याची काढून ठेवलेली तसलीच पाटी घेऊन आला. तीही तशीच काळी. "हा गोडाऊनचा काटा. गोळ्या मारल्या तवा बाहेर काढायचा राहून गेल्ता. तुमच्या गव्हात गोळ्या हायेत का?"

"हायेत. पण फडक्यात बांधून टाकल्यात. ह्यांनी टाकल्यात."

"फडक्यातून गॅस येतोच ना, ताई. तेवढ्यासाठीच टाकतेत." त्यानं काळी पाटी खाली ठेवली. "ती कोठी हाय कुठं?"

"आतल्या खोलीत."

"तिथं झोपतं कोण?"

"पोरगी," दैवशाला म्हणाली.

तिच्या तोंडून एवढं एकच उत्तर आलं. सकाळचं डोकं दुखणं, पाल, मुंग्या, लसणाचा वास, स्टुलावर चढून आत घातलेलं डोकं, हे सगळं एका क्षणात तिच्या डोळ्यांपुढं आलं. धम्मपालनं तिला पाण्याचा ग्लास दिला, तो तिनं तसाच ठेवला. दार-खिडक्या उघड्या टाका, त्या खोलीत कुणी जाऊ नका, असं तो सांगत होता. तिनं टेबलावरचा उघडा प्लेअर नि त्याचं झाकण पर्समध्ये कोंबलं आणि स्कूटीकडे पळाली.

घर तिथून दोन गल्ल्यांवर होतं. शाळा नव्या जालन्यात, कुंडलिका नदीच्या पलीकडे. तिनं स्कूटी शाळेकडे वळवली. आज सकाळीही पोरगी डोकं धरून उठली होती आणि तिनं तिला तसंच पाठवलं होतं; वर्गात चक्कर येऊन पडली असेल, कुणाला कळलंही नसेल. त्या घटकेला दुसरं माणूस तिच्या डोक्यात शिरायला जागाच नव्हती, आणि याचा दोष तिला देताना माझीही जीभ अडखळते. पुलावर ऑटो आणि खताची ट्रॉली अडकून पडली होती. ती हॉर्न वाजवत राहिली.

मोनाली वर्गात होती. ठणठणीत होती. शेजारच्या मुलीच्या कानात काहीतरी सांगून खुदुखुदु हसत होती, आणि आईला दारात बघून तिचं हसू थिजलं. दैवशालानं तिला व्हरांड्यात ओढून घेतलं, तिचे डोळे बघितले, नखं बघितली, तोंडाचा वास घेतला आणि मग सगळ्या शाळेसमोर तिला पोटाशी धरून रडली. म्याडमनी पाणी आणलं. देवा, वाचवलंस, असं ती पुन्हा-पुन्हा म्हणत होती. त्या पोरीला उद्या मारायचं नाही, परवा मारायचं नाही, कधीच नाही, असं तिनं तिथल्या तिथं ठरवलं. खरंच सुख झालं तिला. अर्ध्या दिवसाची सुट्टी मागून तिनं मोनालीला स्कूटीवर मागं बसवलं आणि आता कोठी बाहेर काढायची, खोली धुऊन घ्यायची, राधेश्यामला चांगलं फैलावर घ्यायचं, अशी जुळवाजुळव करत ती हळूहळू निघाली.

पुलावर मोनाली मागून म्हणाली, "मम्मी, तू मारणार न्हाईस ना?"

"न्हाई, माझ्या बाई."

"मंग सांगते. मी न्हाई खेळत. आजी खेळती."

दैवशालानं स्कूटी थांबवली. मागच्या ऑटोवाल्यानं शिवी दिली.

मोनाली भडाभडा बोलत सुटली. आजीला झाकणाचा आवाज रात्री ऐकू यायचा, त्यावरून तिनं जागा ओळखली. दुपारी घरात कुणी नसलं की ती काढते. चालू कसा करायचा ते मोनालीनंच शिकवलं होतं, पहिल्या दिवशीच. दोघींचं ठरलं होतं, सांगायचं नाही. थोबाडीत बसली त्या रात्री आजी अंथरुणात रडली आणि आता न्हाई खेळणार म्हणाली, पण खेळतेच. "तिला करमत न्हाई, मम्मी. दुपारी तिला लई भ्या वाटतं एकटीला."

तिनं पर्समधून मोबाईल काढला आणि मग तिच्या लक्षात आलं की घरी फोन करायचा तर तो कुणाच्या फोनवर? झुंबरबाईचा मोबाईल तिच्याच पर्समध्ये होता. तिनं शेजारच्या बेबीनंदाला लावला. रिंग वाजत राहिली, कुणी उचलला नाही.

गल्लीत बेबीनंदा आपल्या दारात भाजी निवडत बसली होती. फोन घरात राहिला असणार. दैवशालानं आत्याबाईंना बघितलंस का विचारलं. बेबीनंदा म्हणाली, सकाळी बोलल्या होत्या की माझ्याशी. मंग दुपारी हाक मारली तर ओ दिली न्हाई, झोपल्या असतील म्हणून मी परत फिरले. रोज ह्या टायमाला दार लोटूनच घेतात त्या.

"हितंच थांब," दैवशाला मोनालीला म्हणाली. बेबीनंदानं पोरीचा हात धरला.

पुढचं दार नुसतं लोटलेलं होतं. ओट्यावर झाकून ठेवलेलं जेवणाचं ताट तसंच होतं. आतल्या खोलीचं दार लावलेलं होतं. खिडकीही म्हातारी बंद करून घ्यायची, कुणाला दिसू नये म्हणून. दैवशालानं पदर नाकातोंडावर धरून दार ढकललं आणि आधी धावत जाऊन खिडकी उघडली. लसणाचा वास त्या खोलीत नुसता कोंडला होता.

गोधडी घडी करून बाजूला ठेवलेली होती. झाकण भिंतीला टेकवलेलं. कोठीजवळ स्टूल होतं आणि त्याच्या बाजूला झुंबरबाई पडली होती, कुशीवर, लुगडं नीट, चष्मा सुटून पायाशी. सगळीकडे गहू सांडला होता. एरवी ती एक दाणा खाली पडू द्यायची नाही. आज तिनं ओंजळीनं उपसून-उपसून कोठी अर्धी रिकामी केली होती. दैवशालानं तिला बगलेत धरून दाराबाहेर ओढलं, गाल थोपटले, "आत्याबाई, आत्याबाई" म्हणून हाका मारल्या. अंग गार होतं. उजवा हात खांद्यापर्यंत गव्हाच्या धुळीनं पांढरा झाला होता आणि अंगठा अजून जरासा वाकलेला होता.

बाहेर मोनाली आजीला हाका मारत होती आणि बेबीनंदा तिला सोडत नव्हती. दैवशाला तिथंच भुईवर बसली, सासूचं डोकं मांडीवर घेऊन. तळाशी न सापडलेली वस्तू शोधायला म्हातारी किती वेळा आत वाकली असेल, ते त्या सांडलेल्या गव्हावरून कुणालाही कळलं असतं. ती वस्तू सकाळपासून कोठीत नव्हतीच. ती दैवशालाच्या खांद्यावरच्या पर्समध्ये होती, पाठीचं झाकण न लावलेली.